चुलीतला बल्ब

आमच्या वन्संचं काम काय, हे सणसरमध्ये कुणाला सांगायची सोय नव्हती. "प्रॉपर्टीचं बघते" म्हटलं की लोकांना वाटायचं, पोरीनं मुंबईत जागा-जमिनी घेतल्या. मग सांगावं लागायचं, की बाबांनो, सिनेमा-सिरियलवाले सेटवरच्या सामानाला प्रॉपर्टी म्हणतात. टीव्हीत जे घर दिसतं ना, त्यातली भांडीकुंडी, गोधड्या, देव, कॅलेंडर, खुंटीला अडकवलेली पिशवी, सगळं कुणीतरी आणून जागच्या जागी मांडलेलं असतं. ते मांडणारी आमची मनिषा. सेट डेकोरेटर. एवढं सगळं ऐकून घेतल्यावर समोरचा हमखास म्हणायचा, "म्हंजे घरं आवरती म्हना की." आणि मी म्हणायची, "व्हय, लोकांची. सोताचं घर माझ्या गळ्यात घातलंय."

मी तिची वहिनी, रेश्मा. तिच्या थोरल्या भावाची, नागेशची बायको. आम्ही बारामतीत राहतो, तिसऱ्या मजल्यावर, कारण नागेशची नोकरी इथल्या एमआयडीसीत. माझी जीभ जरा तिखट आहे असं सगळे म्हणतात. असेल. मी सारजाबाईंची सून आहे, त्यांच्या हाताखाली राहून कुणाची जीभ गोड राहिलीय?

वन्संना हे खूळ लागलं गौरींमुळं. लहानपणी गौरींपुढचा देखावा मांडायचं काम तिच्याकडं असायचं. बाकीच्या घरांत गौरींपुढं लाडू-करंज्या आणि दिव्यांच्या माळा. हिनं एका वर्षी स्वतःचंच घर मांडलं. करवंटीचं जातं, काडेपेटीची फडताळं, चिंध्यांच्या गोधड्या, बोटाएवढी चूल. हळदीकुंकवाला आलेल्या बायका गौरी बघायच्या सोडून ते घर बघत बसल्या. सासूबाई ही गोष्ट एवढ्यांदा सांगायच्या की मला त्या चुलीतल्या काड्यासुद्धा दिसायला लागल्या होत्या.

पुढं ती पुण्याला चित्रकला शिकली आणि मुंबईला गेली. सुरुवातीची बरीच वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली गेली. टेम्पोच्या मागं बसून सोफे आणायचे, भाड्याच्या झुंबराला तडा गेला की शिव्या खायच्या, आज उभा केलेला बंगला उद्या उचकटून तिथंच दवाखाना उभा करायचा. कितीतरी वर्षं पडद्यावर तिचं नाव आलंच नाही. आलं तेव्हा इतकं भुर्रकन गेलं, की टीव्हीसमोर चष्मा लावून बसलेल्या सासूबाई म्हणाल्या, "मनीचं नाव एस्टीच्या पाटीगत गेलं की गं. थांबलंच न्हाय."

मग गावाकडच्या मालिकांचा सुकाळ झाला आणि वन्संचं नशीब उघडलं. मुंबईच्या डेकोरेटरला गावचं घर म्हणजे भिंतीला सूप आणि माजघरात नांगर. आता माजघरात नांगर कोण ठेवतं? आमच्या वन्संना कळायचं की विळी चुलीच्या कुठल्या अंगाला असते आणि चिमणीची काच पुसायचं फडकं कुठं कोंबतात. सगळे तिलाच बोलवायला लागले. आणि ती दर खेपेला रिकाम्या हातानं सणसरला यायची आणि भरल्या टेम्पोनं परत जायची. आज कळशी नेली, उद्या पाटा-वरवंटा, परवा भाकरीची दुरडी. मी म्हणायची, "वन्सं, लेकी माहेराहून शिदोरी नेत्यात, तुमी माहेरच नेताय." सासूबाई मात्र स्वतःच्या हातानं सामान बांधून द्यायच्या.

कारण त्याबदल्यात त्यांना एक करमणूक मिळाली होती. संध्याकाळी त्या मालिका लावायच्या ती गोष्टीसाठी नाही, भांड्यांसाठी. "ती बघ माझी कळशी! अगं भवाने, काठाला धर की, पोचा पडंल!" असं त्या नटीला ओरडायच्या. मालिकेतली सासू सुनेला छळतेय, सून रडतेय, आणि आमच्या सासूबाई खूश, कारण मागं फळीवर त्यांचा तांब्या चकाकतोय.

मी एकदाच सेट बघायला गेले होते. बाहेरून सगळा प्लायवूड आणि खिळे, आत गेल्यावर थेट आपलं स्वयंपाकघर. मी चुलीपुढं वाकून पाहिलं तर आत एक बल्ब. त्यावर नारिंगी कागद, आणि बल्ब असा फुरफुरायचा, की लांबून बघणाऱ्याला वाटावं, विस्तव फुललाय.

"आन् भाकरी कशी भाजायची?" मी विचारलं.

"भाकरी हाटेलातनं येती वहिनी. नटी नुसतं थापल्यासारखं करती."

"लबाडी हाय की समदी."

"कॅमेऱ्याला ऊब लागत न्हाय, वहिनी. वास येत न्हाय. दिसलं की झालं." असं म्हणून ती खदखदून हसली होती. ती स्वतः भाकरी करायला कधी शिकली नाही, हे सांगायला हवं. सासूबाई म्हणायच्या, "बस, दाखवते." ती म्हणायची, "पुढच्या टायमाला." टेम्पो दारात उभा असायचा.

मग रस्ता चौपदरी झाला. आमचं घर रस्त्याच्या कडेचंच, ते त्यात गेलं. घराबरोबर दारचा लिंब गेला, पलीकडची चिंच गेली, गावाचा चेहराच गेला. घर पाडलं त्या दिवशी वन्संना येता आलं नाही. मालिकेत लग्न चालू होतं आणि मांडव तिनं उभा केला होता. नागेशनं दाराची सागवानी चौकट तेवढी काढून शेतातल्या शेडमध्ये ठेवली. सासूबाई मशीन चालू असताना पलीकडच्या कडेला खुर्चीवर बसून होत्या. रडल्या नाहीत. मला म्हणाल्या, "आतली फळी पुसायची ऱ्हायली गं." मला वाटलं, धक्का बसलाय. तो धक्का नव्हता, ती सुरुवात होती.

डॉक्टरांनी नाव सांगितलं आजाराचं, आम्ही त्याला विसरायचा आजार म्हणतो. आधी वार गेले, मग माणसांची नावं. मी कधी रेश्मा, कधी त्यांची मेलेली जाऊ. नागेशला त्या एकदा "पावनं" म्हणाल्या, तेव्हा तो बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून बसला. पण एक गोष्ट गेली नव्हती. सकाळी उठल्या की ओट्यापाशी उभ्या राहायच्या, पीठ मळायच्या आणि भाकरी थापायच्या. काय ती भाकरी! कडा बोटानं आखल्यासारखी. गॅसवर टाकून ती टम्म फुगली की त्या हसायच्या आणि म्हणायच्या, "झाली." दिवसभरात तेवढं एकच हसू. स्वतःचं नाव विचारलं तर विचार करायच्या, पण पिठात पाणी किती घालायचं ह्याचा विचार त्यांना करावा लागत नव्हता. आमच्या घरात ती भाकरी म्हणजे पूजा होती. ती फुगली की आम्हाला वाटायचं, आई अजून आहे.

संध्याकाळ झाली की मात्र त्यांचं दुसरं सुरू व्हायचं. लुगडं-चोळी फडक्यात बांधायची, गाठोडं काखेत धरायचं आणि दाराशी उभं राहायचं. "लई दिस ऱ्हायले तुमच्यात. आता घरी जाऊ द्या. मनी शाळंतनं यील, दार लावल्यालं हाय."

एक दिवस मी गच्चीवर वाळवण काढायला गेले आणि त्या गेल्या. स्टँडवर जाऊन नेमक्या इंदापूरच्या गाडीत बसल्या. हे पायांना बरोबर आठवलं. गाडी सणसरला थांबली असणार, कंडक्टरनं नावही पुकारलं असणार. पण खिडकीतून त्यांना ना लिंब दिसला, ना चिंच, ना घर. त्या उतरल्याच नाहीत. स्वतःच्या गावावरून त्या तशाच पुढं गेल्या. इंदापूरच्या स्टँडवर त्या गाठोडं मांडीवर घेऊन बसलेल्या. गावातल्या सोनबानं बघितलं आणि फोन केला, म्हणून सापडल्या. आम्ही आणायला गेलो तर मला म्हणाल्या, "बाई, सनसर कुठं गेलं?"

नागेश घाबरला. दाराला बाहेरून कुलूप लावायचं त्याला जीवावर आलं आणि न लावायचंही. शेवटी तो म्हणाला, "पुण्यात अशा आजाराच्या माणसांना ठेवायची जागा हाय. चांगली सांभाळत्यात." हे तो भिंतीकडं बघून म्हणाला. वन्संना फोन गेला आणि ती दुसऱ्याच दिवशी येऊन उभी राहिली.

"दादा, तिला घर पायजे ना? मग देऊ की घर. माझं कामच ते हाय."

तिच्या हातात तेव्हा पहिला मोठा सिनेमा आला होता, आख्खं गाव उभं करायचं काम. ते तिनं पुढं ढकललं. नागेशनं अट घातली, आई ह्या घरात रमली तर पुण्याचं नाव काढणार नाही. पण परत एकदा जरी निघून गेली, तर मग कुणी मधी बोलायचं नाही. वन्सं म्हणाली, "कबूल."

आमची मागची खोली तिनं मोकळी केली. मुंबईहून टेम्पो आला, बरोबर आबाजी आले, सेटवरचे जुने सुतार. आता गंमत बघा, इतकी वर्षं माहेरून ओढून नेलेली एकेक वस्तू वन्संच्या गोडाऊनमधून परत येत होती. कळशी, तांब्या, पाटा, दुरडी, चिमणी. मी टोमणे मारलेली सगळी चोरी व्याजासकट जिना चढत होती. फरशीवर फळ्या टाकून माती-शेणानं सारवलं, त्या वासानं खालच्या मजल्यावरचे वर बघून गेले. शेडमधली चौकट बसवली. खिडकीबाहेर आमच्या बिल्डिंगची पाण्याची टाकी दिसते, तिथं वन्संनी एका जुन्या फोटोवरून लिंबाचा मोठा फ्लेक्स छापून लावला. आणि कोपऱ्यात चूल. खऱ्या मातीची, खऱ्या घाटाची. आत नारिंगी बल्ब, वर राख आणि अर्धवट जळालेली दोन लाकडं.

खरा विस्तव नको हे सगळ्यांचंच मत होतं. तिसरा मजला, प्लायवूडच्या भिंती, विसराळू म्हातारी. घरोघरी मातीच्या चुली म्हणतात, आमच्या घरी बिनजाळाची, म्हणून मीच हसले. कुणालाच त्यात काही वावगं वाटलं नाही.

तयार झाल्यावर आम्ही सासूबाईंचा हात धरून आणलं. चौकटीशी त्या थांबल्या. हात वर गेला आणि चौकटीवरची जुनी खोबण त्यांच्या बोटांनी चाचपली. वन्संनी माझा दंड एवढा आवळला की वळ उठला. मग त्या आत आल्या, चुलीमागची भिंत बघितली आणि त्यांच्या कपाळाला आठी पडली.

"कुनी केली ही दशा?"

वन्संनी भिंत काजळानं काळी केली होती. सेटवर गावचं घर म्हटलं की भिंत काळी. दिग्दर्शकांना गरिबी दिसावी लागते ना.

"सारजाचं घर म्हनतासा आन् भिताड असं? मी दर शनवारी पोतेरं फिरवते. लोक काय म्हनतील?" आणि त्यांनी पदर खोचून फडकं घेतलं. रंग हाताला लागला, लुगड्याला लागला. आम्ही तिघी ओल्या फडक्यांनी ती भिंत घासत बसलो, आणि वन्सं हसत होती आणि डोळे पुसत होती, सगळ्या तोंडाला काजळ. "माझ्या आईचं घर काळं कवाच नव्हतं, वहिनी," ती मला म्हणाली. "सगळ्या सिरियलींत मीच काळं केलं."

दुसऱ्या दिवशी पांढऱ्या मातीनं भिंत सारवली आणि मग मात्र जमलं. खरंच जमलं. सासूबाई फळीवरची भांडी उतरवून पुसायच्या, परत मांडायच्या. लिंबाकडं बघून म्हणायच्या, "वारं पडलंय आज, पान हलंना." संध्याकाळ झाली, आम्ही दाराकडं डोळे लावून बसलो. त्या आल्याच नाहीत. आत जाऊन पाहिलं तर गाठोडं सोडून लुगडं खुंटीला टांगलेलं. नागेश गॅलरीत जाऊन उभा राहिला, आणि परत आला तेव्हा बहिणीच्या डोक्यावर त्यानं नुसता हात ठेवला. त्या दोघांत तेवढंही कैक वर्षांत झालं नव्हतं. मुंबईहून सिनेमावाल्यांचा फोन आला तेव्हा वन्सं म्हणाली, "येते दोन दिवसांत. माझं घर लावून झालं." तिचा आवाज असा होता की मला तिचा हेवा वाटला. आयुष्यभर सासूबाईंचं मी केलं, आणि त्यांना घरी पोचवलं हिनं.

त्यानंतरची सकाळ. मी ओट्यापाशी चहा टाकत होते. सासूबाई रोजच्यासारख्या ओट्याकडं आल्या नाहीत. मागच्या खोलीतून परातीचा आवाज आला. मी वाकून बघितलं, तर त्या चुलीपुढं पाटावर बसलेल्या. शेजारी पिठाचा डबा, तांब्या. चुलीत बल्ब फुरफुरत होता आणि त्याचा नारिंगी उजेड त्यांच्या तोंडावर हलत होता. मला भरून आलं. मी तशीच परत आले, म्हटलं, कशाला मधी जा. वन्सं दारात उभी राहून मोबाईलवर त्यांचा व्हिडिओ काढत होती. तिनं मला ओठांवर बोट ठेवून गप्प राहायची खूण केली.

तिचा तो व्हिडिओ मी नंतर बघितलाय, एकदाच. त्यात सगळं बरोबर दिसतं. सकाळची चूल, म्हातारी, परात. थप थप थप असा आवाज, आणि हातावर फिरत मोठी होणारी भाकरी. ती त्यांनी तव्यावर टाकली, वरून पाण्याचा हात फिरवला. आणि थांबल्या. वाट बघितली. बोटानं कड उचलून बघितली. पाणी तसंच होतं. फुंकणी घेऊन त्यांनी चुलीत फुंकलं, राख उडाली, बल्ब आपला फुरफुरतोय. लाकूड आत सारलं. परत वाट बघितली. मग ती ओली भाकरी उलथून त्यांनी चुलीच्या तोंडाशी उभी लावली, फुगायला. ती वाकली आणि राखेत पडली.

त्यांनी दुसरी थापली. दुसरी पहिल्यापेक्षा काळजीनं, कडा परत परत दाबून. तीही तशीच. तिसरी तव्यावर टाकून त्या तिला बोट न लावता बघत राहिल्या. व्हिडिओत एवढं सगळं दिसतं, आणि तरी बघणाऱ्याच्या ध्यानात येत नाही, कारण दिसायला सगळं बरोबर आहे. वन्संच्याही ध्यानात आलं नाही. ती जन्मभर जे बघत आली तेच बघत होती.

मग सासूबाईंनी मान वळवली. हात पिठानं भरलेले, मांडीवर उताणे.

"मला भाकरी येत न्हाय," त्या म्हणाल्या.

कुणावर ओरडून नाही. चूल खराब आहे, लाकडं ओली आहेत, असा बोल त्यांनी कुणाला लावला नाही. आयुष्यभर शेजारणींच्या भाकरीला नावं ठेवणारी बाई, तिनं दोष स्वतःच्या हातांना दिला. मी धावले. तवा उचलून ओट्यावर आणला, गॅस मोठा केला, तीच भाकरी शेकली. टम्म फुगली. ती घेऊन मी पळत आले, "आत्या, ही बघा, तुमचीच हाय! तुमच्या हातची! चूल खोटी हाय ती, बल्ब हाय आत!" वन्संनी बटण बंद केलं, लाकडं बाजूला करून बल्ब बाहेर काढून दाखवला. सासूबाई त्या बल्बाकडं बघत राहिल्या. त्यातलं काही त्यांच्यापर्यंत पोचलं नाही. भाकरीकडं बोट करून म्हणाल्या, "ही तुझी. तुला येती. मला न्हाय येत." आणि पदरानं हात पुसून घेतले.

त्यांनी परत पीठ धरलं नाही. ओट्यापाशी नेलं तर हात मागं घ्यायच्या, दुसऱ्याच्या तान्ह्या पोराला घ्यायला भ्यावं तसं. मी पीठ मळून परात पुढं सारायची, त्या ती हळूच माझ्याकडं सारायच्या. नावं गेली, वार गेले, पोटच्या पोरांची ओळख गेली, पण जी एक गोष्ट आजारानंही नेली नव्हती, ती आम्ही नेली. प्रेमानं नेली, हे खरं. पण नेली.

आणि त्या घरी जायचं म्हणेनाशा झाल्या. संध्याकाळ यायची आणि जायची, त्या पाटावर बसलेल्या. नागेश म्हणाला, "रमली म्हनायची. आता पुन्याला न्यायला नगं." वन्संनी मान हलवली, न्हाय म्हणून. मग तीच आईपुढं बसली आणि म्हणाली, "आई, घरी जायचं का? चल, मी नेते."

सासूबाई म्हणाल्या, "घरी जाऊन काय करू? भाकरी येत न्हाय मला. मनी शाळंतनं भुकंजून यील. तिला काय देऊ?"

त्या दिवशी वन्संनी खोली मोडली. आबाजी मुंबईला परतले होते, तिनं एकटीनं मोडली. तिच्या धंद्यात सेट मोडायला काही वाटत नाही, सवयीचं काम. लिंब गुंडाळला, फळ्या उचकटल्या. मी मदतीला गेले तर चुलीपाशी बसून ती ढेकळं फोडत होती आणि मोठ्यानं रडत होती, लहान पोरं रडतात तशी, नाक न पुसता. सिनेमावाल्यांचा फोन खिडकीत वाजत होता. "वहिनी, मला तिला घर द्यायचं हुतं गं," ती म्हणाली. "मला दुसरं काय येतंय?" मी तिच्या शेजारी बसले आणि ढेकळं उचलायला लागले.

मग ती मला म्हणाली, "मला भाकरी शिकव." मी शिकवली. रोज सकाळी ओट्यापाशी आम्ही दोघी, सासूबाई पाठीमागं खुर्चीत. वन्संची भाकरी एकीकडं जाड, एकीकडं फाटलेली. हाताला फोड आले. सिनेमा गेला. म्हणजे त्या लोकांनी दुसरं कुणी घेतलं, थांबतात थोडीच.

थंडी संपता संपता आम्ही सासूबाईंना सणसरला नेलं, गावात नाही, शेतावर. शेडच्या सावलीला वन्संनी तीन दगड मांडले, उसाचं पाचट आणि काटक्या घातल्या आणि जाळ केला. खरा जाळ, खरा धूर, डोळ्यांतून पाणी काढणारा. सासूबाईंना जवळ बसवलं. त्यांनी हात पुढं करून शेक घेतला. बरं वाटलं त्यांना, ते दिसत होतं. वन्संनी पीठ मळून गोळा त्यांच्या तळहातावर ठेवला. बोटं त्याच्याभोवती मिटली. थोडी हललीसुद्धा, मी डोळ्यांनी बघितली. मग त्यांनी तो गोळा उचलून परत परातीत ठेवला आणि हात पदराखाली घेतले.

तेव्हा वन्संनी स्वतः थापायला घेतली. धुरानं तिला धड दिसत नव्हतं, की कशानं दिसत नव्हतं. भाकरी थापता थापता फाटली, तिनं जोडली, तव्यावर टाकताना परत फाटली. पाणी फिरवताना हात पोळला. एक कड करपली, मधी कच्ची राहिली. फुगायचं तर नावच नको. ती तवा उतरवून तशीच बसून राहिली.

सासूबाई ती भाकरी बघत होत्या. मग त्यांनी वन्संकडं बघितलं, डोक्यापासून पायापर्यंत, परक्या पोरीकडं बघावं तसं, पण मायेनं.

"कुनाची गं तू?"

वन्संनी पोळलेला हात तोंडाशी नेऊन फुंकला.

"आईनं शिकवलं न्हाय व्हय तुला?"

"शिकवत हुती," वन्सं म्हणाली. "लई येळा म्हनली, बस म्हनून. मीच बसले न्हाय."

आणि तिला हुंदका फुटला. सासूबाई गडबडल्या. पदराखालचा हात त्यांनी बाहेर काढला आणि तिच्या पाठीवरून फिरवला, वरून खाली, वरून खाली. मग जवळ सरकून तिच्या कानाशी म्हणाल्या, कुणाला ऐकू जाऊ नये अशा आवाजात, "असू दे बाई. रडू नगं. मलाबी येत न्हाय."

जाळ विझत आला होता. त्या दोघींनी ती कच्ची भाकरी अर्धी अर्धी करून खाल्ली.